साथीदाराचा दिवस

हे पुस्तक एका दिवसाविषयी आहे. तारीख २३ ऑगस्ट १९६०, वार मंगळवार. त्या दिवशी न्यूयॉर्कमधल्या एका स्टुडिओत एक माणूस पियानोपाशी बसला आणि दुसरा गिटार घेऊन त्याच्याजवळ. ड्रम नव्हते, बास नव्हता, माउथ ऑर्गन नव्हता. पियानोवर ओटिस स्पॅन होता आणि गिटारवर रॉबर्ट लॉकवुड ज्युनिअर. दिवस संपला तेव्हा एका रेकॉर्डला पुरून उरेल इतके संगीत टेपवर उतरले होते. त्यातल्या दहा रचना निवडून ‘कँडिड’ या नव्या कंपनीने ‘ओटिस स्पॅन इज द ब्लूज’ नावाची रेकॉर्ड काढली. ब्लूजमधला पियानो म्हणजे काय, हे एकाच रेकॉर्डवरून समजावून द्यायची वेळ आली, तर मी हीच रेकॉर्ड लावीन.

अमेरिकेतल्या एका रेकॉर्डवर मराठीत अख्खे पुस्तक कशासाठी, असा प्रश्न वाचकाला पडेल. त्याचे उत्तर माझ्या कामात आहे. मी आयुष्यभर पेटीची साथ केली. गाणारा गातो, आपण त्याच्या मागे राहायचे, त्याने श्वास घेतला की ती जागा भरायची आणि तो परत आला की बाजूला व्हायचे. ही रेकॉर्ड पहिल्यांदा ऐकली तेव्हा मला इंग्रजी शब्द धड कळले नव्हते. पण पियानोवर बसलेला माणूस जन्माचा साथीदार आहे, हे पहिल्याच गाण्यात कळले. पुढे त्याच्याविषयी मिळेल ते वाचत गेलो आणि माझा कान खरा ठरला. शिकागोतल्या सर्वांत नावाजलेल्या ब्लूज बँडमध्ये स्पॅनने पंधरा वर्षांहून अधिक काळ दुसऱ्यांच्या मागे बसून वाजवले. त्या काळात जे थोडे दिवस केवळ त्याचे म्हणून त्याला मिळाले, त्यांतला हा एक. त्या दिवशीही त्याने निम्मी गाणी सोबत्याला दिली आणि त्याची साथ केली. मला त्या दिवसाचे मोल वाटते ते त्यामुळेच.

आधी थोडे घडणीविषयी. ब्लूजचे नेहमीचे आवर्तन बारा बारचे असते. प्रत्येक बारात चार मात्रा, म्हणजे एकूण अठ्ठेचाळीस. या बारा बारांचे चार-चारचे तीन भाग पडतात. पहिल्या भागात गायक एक ओळ गातो, दुसऱ्या भागात बहुधा तीच ओळ पुन्हा येते आणि तिसऱ्या भागात तिचे उत्तर येते. खालचे स्वरसंघ तीनच: षड्जाचा, मध्यमाचा आणि पंचमाचा. इतका साधा सांगाडा. पण त्यात एक गोष्ट आहे, जी साथ करणाऱ्याच्या लगेच ध्यानात येते. गायकाची ओळ चार बार पुरत नाही. ती साधारण दोन बारांत संपते. उरलेले दोन बार मोकळे असतात आणि ते साथीदाराचे असतात. गायक विचारतो, वाद्य उत्तर देते. म्हणजे घड्याळ लावून पाहिले, तर गाण्याचा जवळजवळ अर्धा वेळ साथीदाराच्या हाती असतो. साथ ही ब्लूजच्या मूळ बांधणीतच आहे, ती वरून चढवलेली नाही.

दुसरी गोष्ट स्वरांची. ब्लूजचा गंधार कोमलही नसतो आणि शुद्धही नसतो, तो दोहोंच्या मधे कुठेतरी हलत असतो. गळ्याला ते सहज जमते. गिटारवाल्याला तार ओढून किंवा तारेवर काचेची नळी घसरवून जमते. पियानोवाल्याने काय करायचे? त्याच्या पट्ट्या कारखान्यातून ठरून आलेल्या. पेटीवाल्यांना हे दुखणे चांगले ठाऊक आहे. पेटीवर मींड निघत नाही, श्रुती सापडत नाहीत, या कारणासाठी १९४० साली आकाशवाणीने तिच्यावर बंदी घातली आणि ती बंदी कैक वर्षे टिकली. ब्लूजच्या पियानोवाल्यांनी यावर हाताच्या युक्त्या काढल्या. काळ्या पट्टीवरचा कोमल गंधार दाबून बोट तसेच पांढऱ्या पट्टीवरच्या शुद्ध गंधारावर घसरू द्यायचे. दोन शेजारचे स्वर एकदम चिरडायचे. वरच्या सप्तकात दोन स्वर इतक्या झपाट्याने आलटूनपालटून वाजवायचे की कानाला त्यांच्यामधला तिसराच स्वर ऐकू यावा. जो स्वर पट्टीवर नाही, तो ऐकणाऱ्याच्या कानात उभा करायचा. स्पॅनच्या उजव्या हाताची ही करामत या पुस्तकाच्या तिसऱ्या प्रकरणात गाणे धरून उलगडली आहे.

ब्लूज म्हणजे गिटार, असे आपल्याकडे बहुतेकांना वाटते. वांद्र्याच्या मेहबूब स्टुडिओत २०११ पासून भरत आलेल्या ब्लूज महोत्सवात बडी गायसारखे थोर गिटारवादक ऐकून हा समज आणखी पक्का झाला. पण पियानोची परंपराही तितकीच जुनी आहे. अमेरिकेच्या दक्षिणेत लाकूडतोड्यांच्या आणि राळ गाळणाऱ्यांच्या वसाहतींत दारूचे गुत्ते असत. तिथे एखादा खिळखिळा पियानो असे आणि त्यावर एकटा माणूस रात्रभर लोकांना नाचवी. त्याच्यापाशी माइक नसे, ठेका धरायला कुणी नसे. म्हणून डावा हातच ठेका झाला. या डाव्या हातातून पुढे बूगी-वूगी ही नाचरी वादनशैली आली. पाइनटॉप स्मिथने १९२८ च्या डिसेंबरात शिकागोत आपली प्रसिद्ध बूगी-वूगी मुद्रित केली आणि तीनच महिन्यांनी तो गोळी लागून मेला. १९३८ च्या डिसेंबरात न्यूयॉर्कच्या कार्नेगी हॉलमध्ये अल्बर्ट अ‍ॅमन्स, मीड लक्स लुइस आणि पीट जॉन्सन यांनी तेच वादन बड्या श्रोत्यांपुढे आणले.

मात्र या पुस्तकासाठी महत्त्वाची परंपरा दुसरी आहे. ती पियानो आणि गिटार या जोडीची. १९२८ साली इंडियानापोलिसमध्ये लेरॉय कार पियानोवर आणि स्क्रॅपर ब्लॅकवेल गिटारवर बसले. कारचा आवाज मऊ, डावा हात संथ आणि ब्लॅकवेलच्या तारा मात्र धारदार. दोन माणसांत सगळा संसार. १९४१ च्या जूनमध्ये शिकागोत बिग मेसिओ आणि गिटारवादक टँपा रेड यांनी ‘ब्लूबर्ड’साठी ‘वरीड लाइफ ब्लूज’ मुद्रित केले. मेसिओ डावखुरा होता. त्याचा डावा हात असा वजनदार की बासवाल्याची गरज पडू नये. त्याच उन्हाळ्यात, त्याच ब्लूबर्ड कंपनीसाठी, आर्कान्सातून आलेल्या सव्वीस वर्षांच्या एका मुलाने आपली पहिली गाणी गायली. त्यांत ‘लिट्ल बॉय ब्लू’ आणि ‘टेक अ लिट्ल वॉक विथ मी’ ही दोन होती. तो मुलगा रॉबर्ट लॉकवुड. १९६० च्या रेकॉर्डवर ही तिन्ही गाणी एकत्र भेटतात. मेसिओचे गाणे स्पॅन गातो आणि आपली दोन जुनी गाणी लॉकवुड नव्याने गातो. हा योगायोग नाही. एकाच मुळातून निघालेल्या दोन फांद्या एकोणीस वर्षांनी एका खोलीत आल्या होत्या.

ओटिस स्पॅन मिसिसिपी राज्यातला. त्याच्या जन्मसालाच्या नोंदी एकमेकींशी जुळत नाहीत. कुठे १९२४ सापडते, कुठे १९३०. लाखो काळ्या कुटुंबांप्रमाणे तोही दक्षिण सोडून शिकागोला आला. तिथे त्याला गुरू भेटला तो बिग मेसिओ. १९४६ साली मेसिओला अर्धांगाचा झटका आला आणि त्याचा उजवा हात गेला. पुढच्या ध्वनिमुद्रणांत तो गायचा आणि पियानोवर एडी बॉइडसारखा दुसरा कुणी बसायचा. १९५३ साली मेसिओ वारला. ज्याचा हात गेला त्याचे गाणे पुढे न्यायचे, ही जबाबदारी स्पॅनने आपल्या हातांवर घेतली. ‘इज द ब्लूज’ या रेकॉर्डचा शेवट ‘वरीड लाइफ ब्लूज’ने होतो, तो ऐकताना हे लक्षात ठेवावे.

१९५०च्या दशकाच्या सुरुवातीला स्पॅन गायक-गिटारवादक मडी वॉटर्सच्या त्या नावाजलेल्या बँडमध्ये आला. मडी त्याला आपला भाऊ म्हणायचा. दोघांचे रक्ताचे नाते नव्हते, पण लोक ते खरेच धरून चालत. १९५४ साली मडीने शिकागोच्या दक्षिण भागात लेक पार्क अव्हेन्यूवर घर घेतले. त्या घराच्या तळघरात स्पॅन बरेच दिवस राहिला. तालमी तिथेच व्हायच्या. दिवसा चेस या रेकॉर्ड कंपनीचा स्टुडिओ, रात्री क्लब. ‘हूची कूची मॅन’च्या १९५४ च्या ध्वनिमुद्रणात पियानो त्याचाच आहे. सनी बॉय विल्यमसन, हाउलिंग वुल्फ, बो डिडली अशा कितीतरी जणांच्या मागे तो बसला. आणि स्वतःच्या नावावर? १९५४ साली चेसच्या ‘चेकर’ या शाखेने त्याची एक छोटी रेकॉर्ड काढली, तिच्यात गिटारवर बी. बी. किंग होता. त्यानंतर कंपनी गप्प बसली. शिकागोत ज्याच्यावाचून रेकॉर्ड होत नव्हती, त्याची स्वतःची रेकॉर्ड काढावी असे त्याच्या गावात कुणाला वाटले नाही. ही खंत मी मुद्दाम नोंदवतो, कारण साथीदाराच्या वाट्याला सगळीकडे हेच येते.

मग न्यूपोर्ट घडले. २ जुलै १९६० च्या रात्री न्यूपोर्टच्या जॅझ महोत्सवाबाहेर तिकिटे न मिळालेल्या तरुणांच्या जमावाने दंगल केली. नगरपालिकेने महोत्सव बंद करायला सांगितले. ३ जुलैच्या रविवारी दुपारचा ब्लूजचा कार्यक्रम मात्र ठरल्याप्रमाणे झाला. मडीचा बँड वाजला आणि ती दुपार अमेरिकन संगीताच्या इतिहासात गेली. महोत्सव कायमचाच संपला, असे सर्वांना वाटत होते. कवी लँग्स्टन ह्यूज तिथे होता. त्याने तारेच्या एका कोऱ्या फॉर्मवर निरोपाचे गाणे खरडले आणि ते स्टेजवर दिले. मडी थकलेला होता. ते गाणे गायला स्पॅन पुढे झाला. आदल्या क्षणापर्यंत मागे बसलेला माणूस, हातात नुकतेच लिहिलेले शब्द आणि समोर श्रोते. ते गाणे चेसच्या ‘मडी वॉटर्स अ‍ॅट न्यूपोर्ट’ या रेकॉर्डवर आहे. महोत्सवातल्या त्या दुपारी शेवटी ऐकू आला तो स्पॅनचा आवाज.

लँग्स्टन ह्यूज हे नाव मराठी वाचकाला परके नाही. अमेरिकेतल्या काळ्या लेखकांचे साहित्य डॉ. जनार्दन वाघमारे यांच्यासारख्यांनी मराठीत आणून पोचवले. १९७२ साली मुंबईत उभ्या राहिलेल्या दलित पँथरने आपले नावच तिकडच्या ब्लॅक पँथरवरून घेतले. त्या काळी आपल्याकडे या माणसांच्या कविता वाचल्या गेल्या, त्यांच्या सभांची भाषणे वाचली गेली. त्यांचे गाणे मात्र त्या मानाने फार थोड्यांपर्यंत पोचले. हे पुस्तक लिहिण्यामागे ती उणीव भरण्याची इच्छाही आहे.

न्यूपोर्टनंतर सात आठवड्यांनी स्पॅन न्यूयॉर्कला गेला. कँडिड ही कंपनी त्याच वर्षी सुरू झाली होती. तिची मालकी आर्ची ब्लेयर या संगीत संयोजकाकडे होती आणि काय मुद्रित करायचे हे ठरवत होता जॅझवर लिहिणारा नॅट हेंटॉफ. जेमतेम वर्षभर चाललेल्या या कंपनीने जे काढले, त्याची यादी आजही थक्क करते. चार्ल्स मिंगस तिथे आला, लाइटनिंग हॉपकिन्स आला. स्पॅनच्या ध्वनिमुद्रणानंतर आठच दिवसांनी, ३१ ऑगस्टला, ड्रमवादक मॅक्स रोचने ‘वुई इन्सिस्ट! फ्रीडम नाऊ सूट’चे काम याच कंपनीसाठी सुरू केले. त्या वर्षीच्या फेब्रुवारीत काळे विद्यार्थी ग्रीन्सबरो गावात गोऱ्यांसाठी राखलेल्या खानावळीच्या खुर्च्यांवर जाऊन बसले होते. रोचच्या रेकॉर्डच्या मुखपृष्ठावर त्याच आंदोलनाची आठवण आहे. एकाच महिन्यात, एकाच कंपनीत, एक रेकॉर्ड उघड हक्क मागते आणि दुसरी आपण कसे वाढलो ते सांगते. स्पॅनच्या रेकॉर्डचे पहिलेच गाणे आहे ‘द हार्ड वे’. दोन्ही रेकॉर्डी मला एकाच गोष्टीच्या दोन बाजू वाटतात.

चेस कंपनीत गाण्याला तीन मिनिटांचे बंधन असे, कारण ते नाणे टाकून वाजवायच्या ज्यूकबॉक्समध्ये वाजायला हवे. हेंटॉफला ज्यूकबॉक्सची फिकीर नव्हती. त्याने वादकांना मोकळे सोडले. बँड न बोलावण्याचा निर्णय सर्वांत मोठा ठरला. ड्रम आणि माउथ ऑर्गनच्या कल्लोळात शिकागोच्या रेकॉर्डींवर स्पॅनचा पियानो कान देऊन शोधावा लागतो. इथे तो उघडा पडला. डाव्या हाताची प्रत्येक चाल, उजव्या हाताने टिपेला केलेला प्रत्येक थरथराट, पट्टीवरून बोट घसरल्याचा प्रत्येक क्षण स्वच्छ ऐकू येतो.

आणि सोबतीला लॉकवुड. १९१५ साली आर्कान्सात जन्मलेल्या या माणसाला गिटार शिकवली ती ब्लूजमधल्या थोर गायक-गिटारवादकाने, साक्षात रॉबर्ट जॉन्सनने. जॉन्सन लॉकवुडच्या आईसोबत राहत असे. पुढे हेलिना गावच्या रेडिओवर १९४१ साली सुरू झालेल्या ‘किंग बिस्किट टाइम’ या कार्यक्रमात लॉकवुड सनी बॉय विल्यमसनच्या साथीला होता. त्याच सनी बॉयच्या मागे चेसच्या स्टुडिओत स्पॅन आणि लॉकवुड पूर्वी एकत्र बसले होते. म्हणजे २३ ऑगस्टला स्टुडिओत बसलेले हे दोघेही मुरलेले साथीदार. या रचनांत पुढे गाणारा तिसरा कुणी नाही. मग त्यांनी काय करावे? पाळीपाळीने एकाने गावे आणि दुसऱ्याने साथ करावी. दहा रचनांपैकी चार स्पॅन गातो, चार लॉकवुड गातो आणि ‘ओटिस इन द डार्क’ व ‘ग्रेट नॉर्दर्न स्टॉम्प’ या दोन केवळ वाद्याच्या आहेत. त्या दिवशी सेंट लुइस जिमी ओडेन हा बुजुर्ग गायकही तिथे होता आणि त्याच्याही गाण्यांना स्पॅनने साथ केली. ती गाणी या रेकॉर्डवर नाहीत. उरलेल्या मुद्रणातून ‘वॉकिंग द ब्लूज’ ही दुसरी रेकॉर्ड निघाली, ती १९७२ साली.

इथे मी माझे म्हणणे स्पष्ट मांडतो. पुढे येण्याची संधी मिळाली तेव्हा स्पॅनने तिच्यातला मोठा वाटा सोबत्याला दिला. काही समीक्षकांना ही रेकॉर्ड दोघांत वाटली गेलेली वाटते, पुरती स्पॅनची वाटत नाही. मला उलट वाटते. लॉकवुडच्या चार गाण्यांत स्पॅन जे वाजवतो, ते नसते तर त्याचे अर्धे चित्र आपल्याला मिळालेच नसते. तो गायकाच्या ओळीवर कधी पाय देत नाही. ओळ संपायच्या किंचित आधी त्याचा उजवा हात जागा होतो, मोकळ्या दोन बारांत तो बोलतो आणि पुढची ओळ यायच्या आत जागा झाडून ठेवतो. असे वाजवायला हातापेक्षा कान जास्त लागतो. चांगला साथीदार पुढचा काय म्हणणार हे आधी ऐकतो, मग वाजवतो.

नंतरची हकिकत थोडक्यात. स्पॅनने १९६३ साली कोपनहेगनमध्ये आणि १९६४ साली लंडनमध्ये स्वतःच्या रेकॉर्डी केल्या. १९६८ च्या एप्रिलमध्ये मार्टिन ल्युथर किंग यांच्या हत्येवर त्याने गाणी रचून गायली. १९६९ साली फ्लीटवुड मॅक या इंग्रज बँडबरोबर रेकॉर्ड केली. त्या सुमारास त्याने मडीचा बँड सोडला, आता आपले नाव करायचे म्हणून. २४ एप्रिल १९७० रोजी शिकागोत यकृताच्या कर्करोगाने तो गेला. १९७२ साली अ‍ॅन आर्बरच्या ब्लूज आणि जॅझ महोत्सवाने आपल्या मैदानाला त्याचे नाव दिले. त्याच्या कबरीवर मात्र दगड नव्हता. शिकागोजवळच्या बर ओक दफनभूमीत तो जवळपास तीस वर्षे बिननावाचा पडून होता. शेवटी रसिकांनी वर्गणी गोळा केली आणि १९९९ साली तिथे त्याच्या नावाचा दगड बसला. लॉकवुड क्लीव्हलँडला जाऊन राहिला आणि २००६ साली, एक्क्याण्णव वर्षांचा होऊन, वारला. स्वतःच्या नावाची पहिली पूर्ण रेकॉर्ड त्याला १९७० मध्ये करता आली.

पुस्तकाच्या रचनेविषयी दोन शब्द. पहिल्या दोन प्रकरणांत गुत्त्यापासून शिकागोपर्यंतचा पियानोचा प्रवास आहे. तिसऱ्यात स्पॅनचे दोन हात, चौथ्यात न्यूपोर्ट, पाचव्यात कँडिड. सहावे प्रकरण सर्वांत मोठे आहे. त्यात दहाही रचना क्रमाने घेतल्या आहेत. मात्रा, आवर्तन, ठेका, मींड हे आपले शब्द मी वापरले आहेत, कारण तेच माझ्या कानाचे शब्द आहेत. दोन्ही संगीते एक आहेत, असा त्याचा अर्थ नाही. आपल्या दारातून दुसऱ्याच्या घरात जाता यावे, एवढाच हेतू. गाण्यांचे शब्द कुठे भाषांतरित केलेले नाहीत. ते त्या आवाजात आणि त्या पियानोसह ऐकायचे आहेत.

म्हणून वाचकाला एक विनंती. पुढची पाने वाचण्याआधी ही रेकॉर्ड मिळवा आणि सुरुवातीला लॉकवुडची चारच गाणी ऐका. गायकाची ओळ संपली की कान पियानोकडे वळवा आणि ते दोन बार नीट ऐका. मग पहिल्या गाण्यापासून सगळी रेकॉर्ड ऐका. त्यानंतर माझे पुस्तक वाचले नाही तरी चालेल.